कट म्हणायचं कुणी

माय, धुळ्याला शूटिंगसाठी आलोय. जेवणाची सुट्टी झाली आहे आणि बाहेर ऊन इतकं की युनिटमधली माणसं मंडपात जागा मिळेल तिथे आडवी झालीत. सिनेमा दुसऱ्याचा आहे, मी कॅमेरामन. तू गेलीस तेव्हाही तेच करत होतो. मधे एकदा दिग्दर्शक झालो होतो, ते तुला माहीत नाही.

मी शूट केलेला पहिला सिनेमा तू जळगावला पाहिलास. बाहेर पडताना विचारलंस, "यामा तू कोठे शे?" दिसलं ते सगळं मीच टिपलंय, असं मी सांगितलं, पण तुला ते फारसं पटलं नाही. मावशीला मात्र सांगितलंस, पोरगा पडद्यामागे असतो, दमतो फार.

त्याच्याही आधीचं भडगावचं स्वयंपाकघर आठवतं. मामा गेल्याचा निरोप आलेला. गाडीला वेळ होता, म्हणून तू आम्हा भावंडांसाठी ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी थापत होतीस आणि रडत होतीस. खिडकीतला उजेड तुझ्या एकाच गालावर येतोय. मी नवा कॅमेरा उचलतो. तू मान वर न करता म्हणतेस, "ठेव ते. आते नही." आवाजही चढवत नाहीस.

माझा सिनेमा मी चोपड्याच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याशी केला. मुलगी गमावलेल्या आईची गोष्ट होती. आईच्या कामासाठी त्याच गावातली एक बाई घेतली. आधी बुजली, मग चांगली रुळली. एका सकाळी लुगड्याची घडी घालायचा साधा शॉट चालू होता. ती मधेच थांबली, लुगडं तोंडाशी धरलं आणि रडायला लागली. असं काही लिहिलेलं नव्हतं. माझा कॅमेरामन हुशार पोरगा, श्वास रोखून हळूहळू पुढे सरकत होता. पण ते रडणं नाटकाचं नव्हतं, मला कळलं. मी कट म्हणालो. ती पाणी प्यायली आणि तिने विचारलं, "माझं काही चुकलं का?" मी नाही म्हणालो, आजचं काम संपलं म्हणालो. तिची स्वतःची मुलगी गेली होती, हे मग तिनेच सांगितलं.

निर्मात्याने तो तुकडा पाहिला. म्हणाला, "अजून थोडा थांबला असतास, तर सिनेमा तरला असता." सिनेमा जळगाव-धुळ्यात मोजक्या खेळांतच उतरला. मी परत दुसऱ्यांसाठी कॅमेरा धरला.

नंतरही दिग्दर्शनासाठी विचारणा झाली. कंबर दुखते, असं सांगून मी टाळलं. कंबर दुखते, ते खोटं नाही. त्या सकाळी मी बरोबर केलं, असं अजूनही वाटतं. पण परत तशी वेळ आली तर थांबवीन का, हे मला सांगता येत नाही. हा कागद कुठे पोचायचा नाही, म्हणून लिहितो: कट दुसऱ्या कुणी म्हटलेलं मला आता बरं वाटतं.