गॅविन थ्रेल देशाला हादरवतो

३ फेब्रुवारी
नवं नाटक पूर्ण. नाव 'चामडं'. दुसऱ्या अंकात नागडा बिशप कच्ची कलेजी खातो आणि प्रेक्षकांना शिव्या घालतो. देश हादरणार. सतरा वर्षांपूर्वी माझ्या पहिल्या नाटकातून अकरा माणसं रागाने उठून गेली होती. ब्रॉनवेन म्हणते, तू अजून त्या अकरा जणांवरच जगतोयस. बायको आहे, पण दातांची डॉक्टर. कला तिचा प्रांत नाही.
संकल्प : यंदा निदान तीस जण उठून गेले पाहिजेत. कुणालाही खूश करायचं नाही.

११ फेब्रुवारी
थिएटर ठरलं. कॅम्बरवेलच्या एका पबच्या वर. साठ खुर्च्या. म्हणजे तीस जण उठले की निम्मं थिएटर रिकामं! दिग्दर्शिका इमोजन हुशार आहे, पण घाबरट. म्हणाली, रक्ताची बादली ओतायची नाही, गालिचा पबवाल्याचा आहे. बरीच घासाघीस केली. दोन चमचे रक्तावर तडजोड. थोडक्यात जास्त भीती असते, हे माझं मूळचंच मत.

२ मार्च
तालीम. बिशपचं काम करणारा क्लाइव एकाहत्तर वर्षांचा. तो म्हणतो, "वर हीटर चालत नाही. नागडा व्हायला माझी ना नाही रे गॅविन, पण मी मरेन." शेवटी लांब लोकरी चड्डी घालायची ठरली. चड्डीतला बिशप नागड्या बिशपपेक्षा जास्त अश्लील. हे मला आधीच सुचायला हवं होतं.
कलेजीऐवजी बीटरूट. क्लाइव शाकाहारी निघाला.

१९ मार्च, सकाळी ९
काल पहिला प्रयोग. मी आणि इमोजन मागच्या रांगेत. चाळिसाव्या मिनिटाला राखाडी रेनकोटमधली एक बाई उठली आणि ताडताड बाहेर गेली. मी इमोजनचा दंड घट्ट धरला. सुरुवात झाली!
पाच मिनिटांनी बाई परत. टॉयलेटला गेली होती. शेजारणीला हळूच विचारत होती, मधे काय काय झालं गं? शेजारणीने सगळं सांगितलं. माझ्यापेक्षा नीट.
चड्डी दिसली आणि थिएटर हसून लोळलं. क्लाइवला तीनदा टाळ्या. इंग्रज माणूस घाबरला की हसतो, असं मी इमोजनला समजावलं. ती म्हणाली, मग आज फारच घाबरले होते.

२३ मार्च
सासूबाई, म्हणजे ग्लेनिस, क्रॉयडनहून मैत्रिणींची आख्खी बस भरून घेऊन आल्या. चौदा निवृत्त बायका. वाटलं, चला, चौदा तरी नक्की जाणार. क्लाइवने शिव्या घातल्यावर एकीने उलट शिवी हासडली, तीही माझ्या नाटकात नसलेली. प्रयोगानंतर ग्लेनिसने माझा गाल ओढला. "किती गोड लिहितोस रे! बिचाऱ्या बिशपला कुणी स्वेटर का देत नाही?"
रात्री जेवलो नाही. एक सँडविच फक्त. आणि थोडा केक.

२६ मार्च
योजना. स्थानिक साप्ताहिकाला निषेधाचं पत्र पाठवलं : 'चामडं म्हणजे सभ्यतेच्या तोंडावर थुंकणं आहे. बंदी घाला! – मेजर बॅसेट (निवृत्त).' भाषा इतकी जहाल झाली की लिहिताना माझाच मला राग आला. आता वाद पेटणार.

२ एप्रिल
पत्र छापलं. वाद नाही.

९ एप्रिल
उत्तर आलं. एकच. 'मेजरसाहेब, लेखक माझा जावई आहे. कोळी दिसला तर कपात धरून बागेत नेऊन सोडतो. आमच्याकडे आला की न सांगता भांडी विसळतो. तुम्ही एकदा चहाला या, तो येईल तेव्हाच बोलावते. – ग्लेनिस प्रॉसर.' खाली पत्ताही दिलाय.
नाटक आता महिनाभर हाउसफुल्ल. एका समीक्षकाने लिहिलं : 'सहकुटुंब पाहावं असं.' ब्रॉनवेनने ते कात्रण दवाखान्यात लावलंय.

२८ एप्रिल
टीव्हीच्या निर्मात्या फेनेलाबाईंचा फोन. रविवार संध्याकाळची मालिका : गावातला जनावरांचा डॉक्टर, एक विधवा, तिची मेंढरं. मला! 'चामडं'च्या लेखकाला! तोंडावर नकार द्यायचा म्हणून उद्या मुद्दाम भेटायला जातोय.

२९ एप्रिल
सही केली. फेनेलाबाई 'चामडं' दोनदा पाहून आल्या होत्या, आणि दोन्ही वेळा त्यांना बरं वाटलं, म्हणाल्या. इतक्या भल्या बाईला नकार कसा द्यायचा? शिवाय शत्रूच्या घरात शिरूनच त्याचं घर उडवता येतं. मेंढरांच्या आडून मी या देशाच्या मध्यमवर्गाला असा सुरुंग लावणार आहे की रविवारच्या जेवणातलं रोस्ट मटण घशात अडकेल.

२० मे
पहिला भाग पाठवला. सुरुंग इतका खोल पेरलाय की कुणाच्या बापाला सापडणार नाही. ब्रॉनवेनने वाचला. रडली. कोकरू मरता मरता वाचतं तिथे.

२७ मे, दुपारी ४
फेनेलाबाईंचं पत्र. छान आहे, पण रविवार संध्याकाळच्या मानानेसुद्धा फार मवाळ आहे. कुठेच काही टोचत नाही. थोडं धक्कादायक करता येईल का? जमत नसेल तर मदतीला दुसरा लेखक देतील.
ग्लेनिस चहाला आल्या होत्या. पत्र मोठ्याने वाचून दाखवलं. त्या बिस्किट बुडवत म्हणाल्या, "त्या विधवेनेच नवऱ्याला मारलंय असं कर. मेंढरांच्या औषधाने. आणि डॉक्टरला ते पहिल्या दिवसापासून माहितीये."
ब्रॉनवेनने आपला चहा हळूच बाजूला सरकवला.
मग वही आणली. त्या सांगत गेल्या, मी लिहून घेतलं. चार पानं झाली. सातव्या भागातलं मला अजून सहन होत नाहीये.
मधे एकदा मी उठून बाहेर गेलो होतो.