आईसाठी दांडा

तीर्थस्वरूप ताईस,

धाकट्याचा नमस्कार. (दोन्ही हात जोडलेत असं समज, डाव्या अंगठ्याला पट्टी आहे.) तुझी कंबर, भाऊजींचा खोकला आणि आईचा घसरून सुजलेला गुडघा आता कसा आहे ते कळव. आता मुख्य बातमी, कारण मला धीर धरवत नाही: दांडा लागला. बाथरूममध्ये धरायला पक्का दांडा लागेपर्यंत आईला माझ्याकडे पाठवणार नाही, आणि तो मिस्त्रीकडून लावून घे, तू हात लावू नकोस, असं तू बजावलं होतंस. ताई, मी हात लावला.

माझी समजूत अशी, की भिंत म्हणजे भिंत. भोक पाडायचं, त्यात प्लास्टिकची गिट्टी ठोकायची, स्क्रू पिळायचा, झालं. दाराजवळची भिंत मला फारच गुणी वाटली, लोण्यात सुरी जावी तसं ड्रिल आत गेलं. तेव्हाच संशय यायला हवा होता. (संशय तुझ्या भावजयीला आला होता, पण तिला तो प्रत्येक गोष्टीत येतो.) दांडा लावून मी खात्रीसाठी त्याला लोंबकळलो, तर दांडा, गिट्ट्या आणि ताटाएवढा भिंतीचा तुकडा घेऊन मी बादलीत बसलो. ती भिंत नव्हतीच गं, आधीच्या मालकाने मधे उभा केलेला पातळ बोर्ड होता.

मग खिडकीखालची भिंत. वाजवून पाहिली, भरीव वाटली. हार्डवेअरवाल्याने या वेळी लोखंडी बोल्ट दिला, तो आवळला की आत फुलतो आणि भिंतीला घट्ट धरतो. मी आवळत राहिलो. तो फिरत राहिला. शेवटी टणकन आवाज करून बोल्ट आत पडला, आणि मागून पाठवलेले आणखी दोन त्याच्याच सोबतीला गेले. हार्डवेअरवाला म्हणाला, "साहेब, पोकळ ब्लॉक आहे तो. फुलून तो धरणार कशाला, हवेला?" दुकानात चार माणसं उभी होती, तरी मी त्याला सगळं नीट समजावून सांगायला लावलं. आता मला भिंतीवर नुसतं बोटाने ठोकून तिच्या पोटातलं कळतं. शेजाऱ्यांकडे गेलो तरी आधी भिंत वाजवतो. त्यांनी चहा विचारणं बंद केलंय.

राहिली नळाजवळची काँक्रीटची भिंत. अर्धा तास मशीन चालवलं, धूर निघाला, भोक मात्र मसूरडाळीएवढं. तुझ्या भावजयीने चष्मा लावला, मशीनवरचं हातोडीचं इवलंसं चित्र वाचलं आणि खटका तिकडे वळवला. (मी वळवणारच होतो.) पुढे काय सांगू, सरसर भोकं पडली. आतली धूळ काढायला मी तोंडाने फुंकर मारली, ती सगळी माझ्याच डोळ्यांत आली. पण बोल्ट फुलला, नट घट्ट बसला, आणि पान्याला ती जड ओढ लागली तेव्हा मला खरंच रडू आलं, धूळ धरून. मग आम्ही दोघं एकदम दांड्याला लोंबकळलो. तो हलला नाही. ताई, इतका आनंद मला लग्नातही झाला नव्हता. (हे वाक्य तुझ्या भावजयीने वाचलंय.)

तेव्हा या रविवारी आईला निर्धास्त पाठव. भाऊजींना नमस्कार.

तुझा,
धाकटा

ता. क. पाकीट चिकटवायच्या आत तुझ्या भावजयीने विचारलं, की दांडा एवढ्या वर का? मी म्हटलं, आईच्या मापाने लावलाय. मला आठवते ती फळीवरचा डबा सहज काढणारी आई. तर ती म्हणाली, तुम्ही आईंना शेवटचं उभं कधी पाहिलंत? मी आठवून पाहिलं. तुझ्याकडे येतो तेव्हा ती खुर्चीत असते, मीही समोर बसतो, आणि तिला उठू न देता निघतो.

ता. ता. क. म्हणून रविवारी नको, पुढच्या रविवारी पाठव. जमिनीपासून तिच्या मनगटापर्यंत किती भरतं, ते टेपने मोजून लगेच कळव. खाली नवी भोकं पाडीन, आता मला येतं. फक्त मोजतेयस हे तिला कळू देऊ नकोस. माझ्यासाठी मोजतेयस हे समजलं, तर ती टाचा उंच करून उभी राहील.