पकड न सोडणारं हृदय

३ नोव्हेंबर, सोमवार
एमबीबीएस फर्स्ट इयरचे पेपर. स्नायू कसा आकुंचन पावतो, एवढाच प्रश्न. निम्म्यांनी लिहिलंय, तंतू आखूड होतात. घसा कोरडा करून सांगितलं होतं की तंतू होते तेवढेच राहतात. जाड तंतू मायोसिनचे, बारीक अ‍ॅक्टिनचे, ते एकमेकांत सरकतात. मायोसिनची डोकी अ‍ॅक्टिनला धरतात, ओढतात, सोडतात, पुढे पुन्हा धरतात. संपलं. पण नाही, यांच्या मते आत रबर आहे. एकाने चक्क रबरबँड काढून त्याला बाण केलेत. उद्या हाच सावंगीच्या रस्त्यावर गाडीच्या काचेला डॉक्टरचं लाल अधिक चिकटवून फिरणार.
शून्य दिलं. एचओडी म्हणतात, "मॅडम, अर्धा तरी द्या, आकृती सुबक आहे." सुबक!
संध्याकाळी सिंदीहून वहिनीचा फोन. तिची पोरगी तेजू ग्राउंडवर पडली. पोलीस भरतीची प्रॅक्टिस चालू आहे तिची. "उपाशी गेलती, म्हून चक्कर आली." मी विचारलं, धावताना पडली की थांबल्यावर? "मले काय माहीत बाई, पडली म्हंते कोच." आमच्या घरात सरळ प्रश्नाला सरळ उत्तर मिळालं तर मी पेढे वाटीन.

९ नोव्हेंबर, रविवार
सिंदीला जाऊन आले. दादा दुकानात, कापसाच्या भावावरून कुणाशी तरी फोनवर भांडत होता. मला बघून हाताने ‘बस’. बहीण म्हणजे गिऱ्हाईकच.
आधी अकॅडमीचा कोच गाठला. अकॅडमी म्हणजे शाळेमागचं पटांगण आणि एक शिट्टी. गळ्यात साखळी, गॉगल. म्हणे, "मॅडम, पोट्टीत दम आहे, पण डरते. दिमागातून डर काढा लागते." मी म्हटलं, पडली तेव्हा नाडी बघितली का? हसला. "नाडी कोन पाह्यते? तोंडावर पानी मारलं, उठली." याला लोक पैसे देतात.
घरी तेजूला आतल्या खोलीत झोपवून स्टेथोस्कोप लावला. दोन ठोक्यांच्या मधे फुसफुस. उभी राहा म्हटलं. फुसफुस वाढली. पुन्हा झोपवलं, कमी. पुन्हा उभी.
"आत्या, कवायत घेऊन राह्यली का माझी?"
इतकी वर्षं हे वर्गात शिकवते, पण आजवर ते पुस्तकातलंच होतं, घरच्या माणसाच्या छातीत आज पहिल्यांदा ऐकलं.
बाहेर येऊन म्हटलं, हृदयाची सोनोग्राफी करायची. इको. वर्ध्याला, याच आठवड्यात. दादा म्हणाला, "बाविशीची पोरगी आहे, तिले काऊन हार्टवाल्याकडे नेऊन राह्यली? हिंगणघाटचं स्थळ येऊन राह्यलं. लोकायले कळलं तं?"
लोक. या माणसाने आयुष्यात एक निर्णय लोकांना न विचारता घेतला असेल तर शपथ.

१३ नोव्हेंबर, गुरुवार
इको झाला. मीच रजा टाकून नेलं. वहिनी सोबत, दादाही आला, तोंड एरंडेल प्याल्यासारखं.
डॉक्टर तरुण. मोबाईल बघत बोलतो. पण मशीन नीट चालवतो, एवढं कबूल. डाव्या-उजव्या कप्प्यांमधली भिंत जाड. चांगलीच जाड. मला पडद्यावर बघूनच कळलं. प्रत्येक ठोक्याला कप्पा असा आवळत होता की आत जागाच उरत नव्हती.
डॉक्टरने दादाला सोपं करून सांगितलं, "हिचं हृदय गरजेपेक्षा जास्त जोरात आवळतं."
दादाचा चेहरा उजळला. "म्हंजे मजबूत आहे! मंग चांगलंच आहे ना!"
वहिनीने हात जोडले. मला हसावं की भिंतीवर डोकं आपटावं कळेना.
गाडीत समजावलं. मूठ आवळणं सोपं असतं रे दादा, काम असतं ते उघडण्यात. हृदय सैल पडलं तरच त्यात रक्त भरतं. हिच्या स्नायूतली मायोसिनची डोकी, जी आराम करत पडायला हवीत, तीही उठून धरतात. सगळीच कामाला लागतात. पकड जास्त, सुटणं कमी. मग जोरात धावली की मेंदूला रक्त पोचत नाही, किंवा ठोक्यांची लय बिघडते. आणि लय बिघडली तर...
मागे तेजू बसलेली.
दादा म्हणाला, "पन गोळीनं होऊन जाईन ना कमी?"
गोळ्या सुरू. शर्यत, भरतीचं धावणं बंद. रक्त जीनच्या तपासणीला दिलं. तेजू सेलूपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिली.

१६ नोव्हेंबर, रविवार
पुन्हा सिंदी. वहिनी केळझरच्या गणपतीला जाऊन आली, नारळ, दूर्वा, सगळं. तेजूच्या कपाळाला शेंदूर. मी तोंड उघडणार होते, तेजूने डोळ्यांनी दाबलं. ठीक. गणपतीशी माझं भांडण नाही. त्याच्या नावावर गोळी चुकवली तर आहे. दोन दिवस चुकवलीच होती वहिनीने, "दोन्ही उपाय एकदम नको" म्हणून. दोन्ही उपाय! जणू गणपतीला गोळीचा राग येतो.
मग विषय काढला की हे रक्तातून येतं. आपल्या घरात कुणाला? दादा लगेच, "आपल्या घरात काईच नाई. बाबाले लू लागलती."
बाबा कापसाच्या जिनिंगमध्ये हमाली करताना वारले. मी सातवीत होते. लू लागली, म्हणजे उन्हाचा झटका, असं घरात सांगतात आणि मीही तेच सांगत आले. आज पहिल्यांदा म्हटलं, दादा, जिनिंग चालतं केव्हा? थंडीत. थंडीत कुणाला लू लागते?
आई पलंगावर जपमाळ घेऊन बसलेली. ती बोलली.
"लू शेठनं सांगतली. आमी लू म्हनलो. मले तं ठाऊक होतं. ते गाठोडं उचललं का बसून जायचे. छातीवर हात ठेवायचे. मी म्हनो वैद्याले दाखवा, तं म्हनत, कामाचा मानूस आहो मी, बायकांवानी काय दाखवू."
म्हणजे परंपरा आहे ही. कामाच्या माणसांची.
आई पुढे म्हणाली, "दुपारी गेले, संध्याकाळी घरी आनले. हाताची मूठ उघडेना. मी उघडून पाह्यली. मले वाटलं अजून जीव आहे, धरून आहेत."
आईला सांगितलं नाही. मेल्यावर स्नायू ताठरतो, त्यात जोर काही नसतो. मायोसिनचं डोकं सुटायला ऊर्जा लागते, ती संपलेली असते, म्हणून धरलं ते धरलंच राहतं. दरवर्षी वर्गात हे सांगताना पोरं हमखास हसतात, आणि मीही एखादा विनोद करते. पुढच्या बॅचला काय करेन, माहीत नाही.
हिशेब सरळ आहे. बाबांचं असेल तर तेजूपर्यंत ते दादातूनच आलं. मी तसं म्हटलं. शांतपणे म्हटलं, असं मला वाटतं.
दादा उठलाच. "म्हंजे मी देल्लं का माह्या पोरीले? असं म्हनाचं आहे तुले?"
"कुणी देत नसतं रे. जातं."
"तू शिकलेली आहेस, तुले लय समजते." आणि दुकानात निघून गेला. रविवारी दुपारनंतर दुकान बंद असतं. बंद दुकानात बसला जाऊन. शाबास.

२० नोव्हेंबर, गुरुवार
प्रॅक्टिकल. बेडकाच्या स्नायूचा आलेख. आता बेडूक नाही, कॉम्प्युटरवर बटण. बटण दाबलं की स्नायू उडी मारतो. पोरं खुश. विचारते, कॅल्शियम आत आलं की काय होतं? "मॅडम, ये एक्झाम में आएगा क्या?" कॅल्शियम आलं की बारीक तंतूवरची झाकणं सरकतात, मायोसिनला धरायची जागा मिळते, ही गोष्ट या क्षणी तुझ्या जिभेत चालू आहे बाळा, म्हणून तर तू इतकं फालतू बोलू शकतोयस. असं म्हणाले नाही. म्हणायला हवं होतं.
दादाचा फोन नाही. माझाही नाही.

२३ नोव्हेंबर, रविवार
हिंगणघाटवाले आले. वहिनीचा आग्रह म्हणून मीही गेले. दादाने दारातच गाठलं. "हे बघ, त्यायच्यासमोर तोंड उघडजो नको. लगन झाल्यावर सांगता येते."
म्हटलं, लग्न झाल्यावर गरोदर राहिल्यावर सांगशील, की बाळंतपणात?
"गोळ्या घेऊन राह्यली ना ती!"
पोहे, चहा, मुलाचे मामा. मामाच बोलत होते, मुलगा टीपॉयकडे बघत होता. मामांचे प्रश्न ठरलेले. उंची, शिक्षण, स्वयंपाक. "भरतीची तयारी करते म्हंते, लग्नानंतर धावाधावी जमनार नाई बरं!" सगळे हसले. दादा सगळ्यात मोठ्याने.
तेजू ट्रे ठेवून उभीच राहिली. "धावाधावी तं आत्ताच बंद झाली," ती म्हणाली. "माह्यं हृदय जाड आहे. जन्मापासूनचं आहे. गोळ्या चालू आहेत. लेकराले बी येऊ शकते. तुमाले विचार कराचा असन तं करा."
मामांच्या हातातला चमचा पोह्यांतच राहिला. मग सगळे फार सभ्य झाले. इतके सभ्य लोक मी पहिल्यांदा पाहिले. घड्याळ बघितलं, गाडीची वेळ आठवली, पोह्यांचं कौतुक केलं. मुलगा दारात एकदा वळला, काही बोलेल वाटलं. चप्पल उलटी घातली होती, ती सरळ करत होता.
ते गेले तसा दादा माझ्यावर आला. "तूच शिकवलं तिले!"
"आत्यानं नाई शिकवलं," तेजू म्हणाली. "आत्याले तं मी आधी सांगतलं बी नाई. तिनंही थांबवलं असतं मले."
थांबवलं असतं? मी? दिवसभर यावर चिडून आहे. आणि हो, बहुतेक थांबवलं असतं. आज नको, म्हटलं असतं. आई झोपलीय, म्हटलं असतं. मला दादाची लाज वाटते, आणि...

२६ नोव्हेंबर, बुधवार
तेजू माझ्याकडे क्वार्टरवर राहायला आली. घरी कुणी बोलत नाही तिच्याशी. सकाळी कॉलेजला नेलं. सूक्ष्मदर्शकाखाली स्नायूची स्लाइड लावून दिली. एकसारखे फिकट-गडद पट्टे, माझ्या मते जगातली सर्वांत देखणी गोष्ट. जाड तंतू जिथे आहेत तिथे गडद. बघ, हेच सरकतात.
तिने डोळा लावला. "एवढंच?"
"एवढंच म्हणजे?"
"चादरीवानी दिसते. मले वाटलं काई हलत असन."
मेलेला स्नायू हलत नाही, म्हटलं. ती म्हणाली, मंग मले मेलेला कायले दाखवते? अपमान झाला माझा, पण तिला हसू आलं होतं. किती दिवसांनी.
भरतीचं विचारलं. "नाई धावत. मराले थोडीच भरती होनार आहो. क्लार्कची परीक्षा देईन. पन त्या कोचले एक दिवस जाऊन सांगनार आहो की डर दिमागात नव्हती." मग म्हणाली, "तुह्या इकोचं काय झालं?"
म्हटलं, माझ्या कशाचं?
"आजोबाचं असन तं पप्पाले आलं, मले आलं. तू बी त्यायचीच पोरगी आहेस ना. सगळ्यायले बोलते, तू केव्हा करून राह्यली?"
पेपर तपासायचे आहेत, म्हटलं. दोन पावलांवर आहे इको विभाग. मधे फक्त कॅन्टीन.

२९ नोव्हेंबर, शनिवार
जीनचा रिपोर्ट आला. बिघाड सापडला. मायोसिनला आवरून धरणारं एक प्रथिन, तेच अर्धवट बनतं. लगामच नाही. वाचून काही नवीन कळलं नाही, तरी खुर्चीत बसून राहिले.
आणि दुपारी दादा! न सांगता. ओपीडीच्या बाकावर, दुकानाचा शर्ट, हातात पिशवी. मला फोन कुणी केला तर वॉर्डबॉयने. "मॅडम, तुमचे भाऊ आहेत म्हणतात, पण आत जात नाहीत."
गेले. म्हटलं, काय रे?
"जिना चढलो का थांबा लागते मले. दोन-तीन वर्षं झाले."
"आणि सांगितलं नाहीस?"
"कोनाले सांगू? तुले? तू आधी हसली असती, मंग समजावलं असतं."
हसले असते, खरं आहे. अर्थात रागही आलाच. दोन-तीन वर्षं! बाबांवाणी बसून जायचं ठरवलं होतं का याने?
इकोसाठी आत गेला. मी बाहेर. बाहेर आला तो शर्टाची बटणं लावत. भिंत जाड आहे, तेजूइतकी नाही. त्याने विचारलं, "आता माह्या पोरीले तोंड कसं दाखवू?" मी म्हटलं, ती क्वार्टरवर आहे, भाकरी करतेय, वाईट करते, जाऊन खा. गेला. पिशवीत तिच्यासाठी सिंदीच्या बाजारातली बोरं होती.

२ डिसेंबर, मंगळवार
सकाळी लेक्चर. पुन्हा आकुंचन, दुसरी बॅच. नेहमीसारखीच बथ्थड. या वेळी मेल्यावर ताठरण्याचा भाग आला तेव्हा विनोद केला नाही. कुणाच्या लक्षातही आलं नाही. कशाला येईल?
दुपारी कॅन्टीन ओलांडून गेले. तेजूला सांगितलं नाही, नाहीतर आली असती, शेंदूर घेऊन वहिनीही आली असती. इकोला एक तरुण डॉक्टर होती. "मॅडम, तुम्ही? आम्हाला फर्स्ट इयरला तुम्हीच होता!" मला ती आठवली नाही. मी कुणाला आठवणीत ठेवलेलं नाही. तिने मात्र जेल आधी तळहातावर गरम करून घेतलं, मग लावलं.
डाव्या कुशीवर वळा, म्हणाली. वळले. मशीनचा पडदा मागे. ठोक्यांचा आवाज येत होता, फसफस, फसफस. आवाजावरून अंदाज येतो, मला यायला हवा. मी भिंतीवरचं कॅलेंडर वाचत होते.
तिचा हात एका जागी थांबला. पुन्हा तिथेच आला.
"मॅडम, तुम्हाला बघायचंय का? तुमच्याइतकं नीट कोण सांगणार."
मान वळवली की झालं.
"आधी तुझं पूर्ण कर," मी म्हटलं.