गुंड्यांचा प्रसंग

हार्लेम,
९ फेब्रुवारी २०२५

प्रिय अनीश,

चारूताईचे आशीर्वाद. तू, पूजा आणि आई खुशाल असाल. आई सांगलीत रमली का, की अजून वाईच्या घाटाचाच विषय काढते? इथे थंडी आहे. कालव्यावर बर्फाची साय धरलीये. तुझ्या दाजींचा, पीटरचा, गुडघा बरा आहे. तुझ्या भाचीला, लोटेला, नाट्यशाळेत प्रवेश मिळाला.

अक्षर वाकडं दिसेल. डाव्या हातानं लिहितेय.

चित्रपट पूर्ण झाला. इथल्या टीव्हीसाठी मी इतकी वर्षं मालिका लिहिल्या, पोलिसांच्या, इस्पितळाच्या; पण ते काम चार-पाच जणांत वाटलेलं. हा पहिल्यांदाच माझा एकटीचा. म्हातारी आई आणि कायमचा परदेशी निघालेला मुलगा, एवढीच गोष्ट. बाकीचं चित्रीकरण उरकलं होतं, शेवट तेवढा जमत नव्हता.

सप्टेंबरात त्याचीच बैठक होती. दिग्दर्शिका हान्नानं विचारलं, "आई शेवटी काय बोलेल?" मी सांगितलं. सगळे माझ्याकडे बघत राहिले.

"चारू, डचमध्ये सांग ना."

"डचमध्येच तर सांगतेय," मी म्हटलं. तेही मराठीत. मग उजव्या हातातला कप सुटला.

मेंदूत रक्ताची गाठ झाली होती. जीव वाचला, हळूहळू चालते. पण डच गेली, अनीश. नंतर शिकलेली भाषा कधीकधी अशी जाते म्हणे. मराठी तेवढी राहिली, तीही अडखळत. पीटर बोलतो ते निम्मं कळतं, आणि उत्तर द्यायला गेले की "हो रे, बघते" असलंच काही बाहेर पडतं. तो बिचारा मान डोलावतो.

पुढे हान्ना घरी आली. शेवट दुसऱ्या कुणाकडून लिहून घ्यायचा होता, त्याला माझी संमती हवी होती. मी मानेनंच नाही म्हटलं. लोटेला उभं केलं, तिला कोट घातला आणि एका हातानं गुंड्या लावू लागले. लावून झाल्यावर बघते तर एक गुंडी चुकलेली. सगळ्या काढल्या आणि पुन्हा वरून सुरुवात केली. लोटे आधी हसत होती, मग हसायची थांबली. हान्नानं वही काढून सगळं टिपून घेतलं.

तसंच चित्रित झालंय. आई एक शब्द बोलत नाही.

परवा पहिला खेळ झाला. माझीच निम्मी वाक्यं मला कळली नाहीत; लोक हसले की मी उशिरा हसायचे. गुंड्यांच्या प्रसंगाला मात्र सगळं थिएटर गप्प झालं, तेव्हा मीही त्यांच्यातलीच होते.

आता लिहिण्याचं काम मिळेल असं वाटत नाही. पीटर म्हणतो, वाईला जाऊन राहू. पण लोटे इथे आहे. मी राहणार. लहान मुलांची डच पुस्तकं आणलीत, लोटे माझ्याकडून वाचून घेते.

आईला तू सांग, जमेल तसं. फोन उचलत नव्हते, कारण माझा एक शब्द ऐकून तिनं ओळखलं असतं. आता तू फोन कर. मी अडखळेन. थांब माझ्यासाठी. वाक्य तू पुरं करू नकोस.

तुझी,
चारूताई