बाबांची सांजेची धून

इन्सब्रुक, ४ जुलै

ती. बुर्गीताईस,
धाकट्या विन्झचा शि. सा. न. वि. वि.

तू पाठवलेलं चीज पोचलं. आमच्या वाजंत्र्यांच्या टोळीत भलामोठा ट्यूबा फुंकणाऱ्या लेओनीनं एकटीनं निम्मं फस्त केलं. तुझ्या कुरणावर फोन लागत नाही, म्हणून पियूसच्या दुधाच्या जीपनं हे पत्र धाडतोय.

बातमी अशी, की गावच्या अग्निशामक दलाच्या उत्सवात यंदा आमची टोळी वाजवणार! सगळी पितळी वाद्यं, शिवाय ड्रम. ताई, मला तिथं बाबांची सांजेची धून वाजवायचीय. सुरुवात जशीच्या तशी, मग हळूच ड्रम येतील. बाबांच्या मागे ती तुझ्यामाझ्याशिवाय कुणी वाजवलेली नाही. तू नको म्हणालीस तर हात लावणार नाही. रागावू नकोस.

तुझ्या मायेचा भुकेला,
विन्झ

वरचं कुरण, ९ जुलै

चि. विन्झ यास ताईचे अनेक आशीर्वाद.

रागावू नकोस म्हणे! बाबा ती धून गुरं बांधून झाल्यावर झोपडीमागच्या खडकावर उभं राहून हॉर्न फुंकून वाजवायचे. त्यांच्यानंतर पहिला सूर मी धरते, दुसरा तू. आणि आता ती बिअरचे मग आपटणाऱ्यांपुढे? वर ड्रम? अरे, गुरं बुजतील!

पण विचारलंस, हे बरं केलंस. न विचारता वाजवली असतीस तर कान उपटायला खाली आले असते. वाजव. मात्र गावात बाबांचं हसू झालं तर मला तोंड दाखवू नकोस. झेंझी गाय व्यायला झालीय, त्यामुळे मला येता येणार नाही. लोकरीचे मोजे पाठवतेय, ते घाल.

तुझी,
बुर्गीताई

इन्सब्रुक, २८ जुलै

ती. ताईस सा. न.

हसूच झालं गं. नाचाच्या गाण्यांवर लोक बाकांवर चढून नाचले. मग बाबांची धून वाजवली. ती संपली, आणि भरल्या मांडवात एक टाळी नाही! मला मान वर करवेना. लेओनी कुजबुजली, पुढचं सुरू कर, नाहीतर मेलो आपण. कसंबसं उरलेलं वाजवलं आणि कुणाला न भेटता निघून आलो.

ती धून मी पुन्हा वाजवणार नाही. खरं तर टोळीच सोडावी म्हणतोय. बाबांचं नाव घालवलं मी. क्षमा कर.

तुझा अपराधी,
विन्झ

वरचं कुरण, २ ऑगस्ट

चि. विन्झ यास आशीर्वाद, आणि एक धपाटा.

अरे गाढवा, शहरात जाऊन अक्कल गहाण टाकलीस का? खडकावर बाबांची धून संपल्यावर आजवर कुणी टाळ्या वाजवल्यात? टोपी काढायची आणि गप्प उभं राहायचं, हीच ना आपली रीत? बाबांना जन्मात एक टाळी मिळाली नाही!

पियूस सांगत होता, ड्रम सुरू झाले तेव्हा गावातल्या म्हाताऱ्या झेप्पनं नाक मुरडलं होतं. शेवटी पहिली टोपी त्यानंच काढली. मग साऱ्या मांडवानं काढली. बिअरला कुणी हात लावला नाही. तू मान खाली घालून बसलास, तुला दिसणार काय कपाळ!

आणि ऐक. त्या सांजेला वारा खालून वर येत होता. तुझी धून मला इथं ऐकू आली. झेंझीला तशीच सोडून मी हॉर्न घेऊन खडकावर गेले आणि दुसरा सूर धरला. दोनदा चुकले. ड्रमही ऐकू आले. एकही गाय बुजली नाही. मला रडू आलं रे, इतका अभिमान वाटला तुझा.

झेंझीला कालवड झाली. यंदा एकही जनावर दगावलं नाही, म्हणजे रीतीप्रमाणे सप्टेंबरात गुरं फुलांचे मुकुट घालून गावात उतरणार. त्यांच्यापुढे तुमची टोळी हवी. ड्रम पाठीवर वाहून आणा, जीप मिळणार नाही.

माया आहेच, ती आटायची नाही. टोळी सोडायची भाषा मात्र पुन्हा नको. बाबांचा पहिला सूर आता तुझा. दुसरा मी रोज सांजेला घोटतेय.

तुझी,
बुर्गीताई