डॉन मिकोच्या दारातला खांदा

रोम, ३ जुलै १९७४

ती. इम्माताईस सा. न. वि. वि.

सिनेमा झाला एकदाचा! अकरा वर्षांत हा चौथा. निर्माता नाही, स्टुडिओ नाही, कॅमेरा माझा आणि नट आपल्या गावचे. म्हणूनच आजवर कुणी माझ्या सिनेमाला कात्री लावलेली नाही. संत रोक्कोच्या जत्रेच्या दुसऱ्या दिवशी आपल्या चौकात, चर्चच्या भिंतीवर दाखवणार आहे.

गेल्या वर्षीची मिरवणूक त्यात अख्खी आहे. डॉन मिकोच्या फाटकापाशी संताची पालखी मान द्यायला त्याच्यापुढे वाकवतात ना, नेमका तेव्हाच आपल्या कार्मेलोभावजींनी खांदा काढून घेतला. गर्दीत कुणाला दिसलं नाही, कॅमेऱ्याला दिसलं. शाब्बास म्हणावं तुझ्या नवऱ्याला!

तुझ्या हातची भरली वांगी खायला येतोय. माया आहे तशीच असू दे.

तुझा
सावेरियो

रोक्काविवा, १० जुलै

चि. सावेरियोस अनेक आशीर्वाद.

पत्र वाचलं आणि चुलीत घातलं. वेडबिड लागलंय का तुला? तू रोमला असतोस, आम्हाला इथे राहायचंय. आपल्या न्हाव्याने डॉन मिकोवर एक विनोद केला, तर त्या बिचाऱ्याची लिंबाची झाडं बुंध्यातून कापलेली सापडली. न्हावी तर अजून सापडलेला नाही.

काल डॉनचा पुतण्या कॉफी पिऊन गेला. सिनेमात काय काय आलंय मावशी, एवढंच हसत विचारलं. तेवढा तुकडा काप. मोठी असून तुझ्या पाया पडते.

भीतीने अर्धी झालेली
ताई

रोम, १९ जुलै

ती. ताईस सा. न. वि. वि.

तीन दिवस नुसता बसून होतो. शेवटी कापलं. सोळा सेकंद.

तुला माहीत नसेल, त्या दिवशी भावजी मला म्हणाले होते, हे ठेव, आयुष्यात एकदाच मी असलं काही केलंय. त्यांना आधी सांगून टाक, भिंतीसमोर वाट बघत बसवू नकोस. मी येत नाही. त्यांच्यासमोर उभं राहवणार नाही. रिळं बसने पाठवतो.

सावेरियो

रोक्काविवा, १८ ऑगस्ट

चि. सावेरियोस आशीर्वाद.

सिनेमा पार पडला. डॉन मिकोने टाळ्या वाजवल्या, बदामाची मिठाई पाठवली. आम्ही सुखरूप आहोत.

ह्यांना आधी सांगणं माझ्याच्याने झालं नाही. लग्नातला कोट घालून पहिल्या रांगेत बसले होते. पालखी फाटकाशी आली तसे खुर्चीत पुढे सरकले, आणि भिंतीवर एकदम जत्रेच्या रात्रीचे फटाकेच उडायला लागले. घरी येऊन विचारलं, हे सावेरियोने आपणहून केलं की कुणी करायला लावलं? मी म्हटलं, आपणहून केलं, घाबरला असेल. तेव्हापासून ते तुझं नाव काढत नाहीत.

खरं कळलं तर ते उठून चौकात जातील आणि भिंतीवर जे दिसलं नाही ते स्वतःच्या तोंडाने सांगतील. ओळखते मी त्यांना. म्हणून बाळा, खुलासा करू नकोस, पत्रसुद्धा लिहू नकोस. माझ्यासाठी तू भित्राच राहा.

रागावलास तरी बहीण म्हणत जा.

तुझी
इम्माताई