डाव्या हातानं दिलेलं

॥ श्री ॥
पतियाळा,
१४ सप्टेंबर १९८६

ती. सौ. शकुनताईस,
धाकट्या बहिणीचा शि. सा. न. वि. वि.

मी खुशाल आहे. अड्याळला तुम्ही सगळे मजेत असाल. इथे भात मिळतो, पण त्याला वास नाही. मी भातच मागते म्हणून मुली हसतात.

परदेशात होणाऱ्या आशियातल्या ज्युनियर मुलींच्या स्पर्धेसाठी रिलेच्या संघात माझं नाव आलं आहे. आम्ही पाच जणी आहोत, पळणार चौघी. प्रत्येकीने आपला भाग पळायचा आणि हातातली काठी पुढचीला द्यायची. मी दुसरी. मागे न बघता पळायला लागायचं, डावा हात मागे करायचा, पहिली मुलगी त्यात काठी ठेवते. तीच काठी मी डाव्याच हाताने तिसरीच्या उजव्या हातात द्यायची.

माझं तिथेच अडलं आहे. काठी डाव्या हातात आली की मी ती उजव्यात घेते. घेतली हे मला नंतर कळतं. तिसरी मुलगी केरळची आहे. तिचा हात एका बाजूला, मी दुसऱ्या बाजूला. काल आम्ही एकमेकींवर पडलो. सरांनी विचारलं की डाव्या हाताशी तुझं काय वाकडं आहे. डाव्या हातानं दिलं की घेणाऱ्याचा अपमान होतो, हे मला हिंदीत सांगता आलं नाही. मराठीतही सांगता आलं नसतं. सर म्हणाले, ही सवय गेली नाही तर पाचवी मुलगी पळेल आणि तू बाकावर बसशील.

उत्तर लवकर लिही. इथे माझं पत्र आलं का हे विचारायला मी रोज जाते.
तुझी भागा


अड्याळ,
२८ सप्टेंबर १९८६

चि. भागास,
शकुनचे अ. उ. आ.

तुझं पत्र धनीराम पोस्टमनने भर बाजारात दिलं आणि परदेशी चालली म्हणते तुमची बहीण, असं सगळ्यांना ऐकवलं. म्हणजे त्याने ते आधी वाचलं. वाचू दे.

तुझं दुखणं समजावं म्हणून मीही सगळं डाव्या हातानं करून पाहिलं. झाडलोट जमली. पाणी भरणं जमलं. मग काल चुकून मामंजींना डाव्या हातानं भात वाढला. ते ताटावरून उठले. सासूबाई म्हणाल्या, हात मोडला काय तुझा, डाव्यानं काहून वाढून राहिली. मी ताट उचललं. मामंजी अजून माझ्याशी बोलत नाहीत.

तुला कुणी ओळखत नाही तिथे. तू डाव्या हातानं जेव, वेणी घाल, दार उघड. लाज वाटली तर वाटू दे.

मॅट्रिकच्या वर्षी मी भंडाऱ्याला पळण्यात जिल्ह्यात पहिली आले होते, तुला आठवत असेल. पुढच्या स्पर्धेला नागपूरला जायचं होतं. बाबांनी त्याआधी लग्न ठरवलं. मी त्यावर कधी बोलले नाही आणि आता बोलायचं नाही. पण भागा, तू बाकावर बसलीस तर मला ते सोसायचं नाही.

जिवाला जप.
तुझी ताई


पतियाळा,
२२ ऑक्टोबर १९८६

ती. सौ. ताईस,
भागाचा सा. न. वि. वि.

डाव्या हाताने जेवले. दोन घास गेले, तिसरा जाईना. पंजाबची मुलगी म्हणाली, बाळाला भरवतात तशी भरवू का.

हळू पळताना काठी डाव्यात राहते. जोरात पळाले की उजव्यात जाते. सरांनी अजून पाचवीचं नाव सांगितलं नाही, पण तिला रोज माझ्या जागी पळवून बघतात.

दिवाळीला येता येणार नाही. दिवाळीनंतर आसगावच्या मंडईच्या जत्रेला तू जाशील. दंडारीतली सोंगं बघताना माझ्या वाटचं हसून घे. तुझ्याजवळ बसून ते बघावं असं फार वाटतं.

आठवण असू दे.
तुझी भागा


अड्याळ,
९ नोव्हेंबर १९८६

चि. भागास आ.

हे डाव्या हातानं लिहिते आहे. अक्षराला हसू नकोस.

मामंजींना खरं सांगितलं. ते म्हणाले, आधी सांगाले काय झालं होतं, मी जेवून तरी उठलो असतो.

मंडईला गेले. सगळे तुझं विचारत होते.

एक सुचलं. तू काठी उजव्यात घेतेस ती पुढचीचा मान राखायला. पण ती पळते आहे. तिचा हात जिथे आहे तिथे नेऊन देणं, हाच तिचा मान. तू आपल्या हाताकडे बघू नकोस. तिच्या हाताकडे बघ.

हात दुखतो. थांबते.
शकुन


१२ डिसेंबर १९८६
पतियाळा

ती. सौ. ताईस,
भागाचा शि. सा. न. वि. वि.

पळाले. काठी डाव्यातच राहिली आणि डाव्या हातानंच दिली.

पुढची मुलगी आपल्याकडे पाठ करून पळते. तिचा तळहात तेवढा आपल्यासाठी मागे राहतो. सासरी जाताना तू बसच्या खिडकीतून हात बाहेर काढला होतास. बस वळेपर्यंत मी मागे धावले होते. या वेळी हात लागला.

काठी दिली की आपलं संपतं. मी मैदानाच्या पलीकडच्या टोकाला उभी होते. शेवट तिथून दिसत नाही. नुसता लोकांचा आवाज आला. आम्ही चौथ्या आलो. पदक नाही.

परदेशातून कालच इथे परतलो. रेल्वेच्या संघासाठी चाचणीला बोलावलं आहे, म्हणून इथूनच दिल्लीला जाते. गावी कधी येईन ते सांगता येत नाही. पदक नाही मिळालं याचं वाईट वाटतं का, ते तू कळव. मला नीट कळत नाही.

तुझ्या पत्राशिवाय करमत नाही.
भागा


अड्याळ,
२३ डिसेंबर १९८६

चि. भागास,
ताईचे अ. उ. आ.

सासूबाईंनी विचारलं, जिंकली काय. मी म्हटलं, पळाली. त्या म्हणाल्या, ते समजलं, पण जिंकली काय. मी पुन्हा तेच म्हटलं. मग त्यांनी सूप बाजूला ठेवलं आणि मला साखर काढायला सांगितली. सगळ्यांना वाटली. मामंजींनी हात पुढे केला, मी उजव्या हातानं दिली, तेव्हा ते हसले.

तू विचारलंस म्हणून सांगते. मला वाईट वाटलं नाही. दुसरं काही वाटलं, त्याला नाव नाही.

धानाची कापणी झाली आहे. काल शेतावर भाकर देऊन परत येत होते. शेतातल्या बांध्या रिकाम्या होत्या. माणूस दिसत नव्हतं. मी धुऱ्यावर, शेताच्या कडेला, चपला काढल्या, पदर खोचला आणि पळाले. कापलेल्या धानाचे खुंट पायांत रुतत होते. पुढे घेणारं कुणी नव्हतं, म्हणून कुठे थांबायचं ते कळेना. दम संपला तेव्हा खाली बसले. अड्याळ बरंच मागे राहिलं होतं.

मग चपलांसाठी परत यावं लागलं.

दिल्लीचा पत्ता कळव.
तुझी शकुन